‘सीझन संपला’ एवढंच सांगितलं : ट्रान्सजेंडर कर्मचारी, नोकरी आणि कायदा

सर्वोच्च न्यायालयाचा 17 ऑक्टोबर 2025 चा एक निकाल गोव्यातल्या प्रत्येक हॉटेलमालकानं, कारखान्याच्या एचआर खात्यानं आणि शाळेच्या व्यवस्थापनानं वाचायला हवा. प्रकरण एका ट्रान्सजेंडर शिक्षिकेचं. उत्तर प्रदेशातल्या एका खासगी शाळेतली तिची नोकरी काही दिवसांतच सुटली. गुजरातमधल्या दुसऱ्या शाळेनं नेमणुकीचं पत्र पाठवलं आणि ओळख कळल्यावर तिला रुजूच करून घेतलं नाही. न्या. जे. बी. पारडीवाला आणि न्या. आर. महादेवन यांच्या खंडपीठानं गुजरातमधल्या शाळेला भरपाई द्यायला लावली, आणि त्याबरोबर केंद्र सरकारला व दोन्ही राज्य सरकारांनाही.

नोकरी नाकारली शाळेनं, मग सरकारांनी पैसे का भरायचे? या एका प्रश्नाच्या उत्तरात अख्खा विषय सामावलेला आहे. तिथपर्यंत जायला थोडी पायाभूत माहिती लागेल.

ट्रान्सजेंडर म्हणजे कोण?

जन्माच्या वेळी दाखल्यावर जे लिंग लिहिलं गेलं ते आणि माणसाची स्वतःची आतली ओळख ज्यांच्या बाबतीत जुळत नाही, ते ट्रान्सजेंडर. दाखल्यावर मुलगा, पण स्वतःला स्त्री म्हणून ओळखणारी ती ट्रान्सजेंडर स्त्री. उलट असेल तर ट्रान्सजेंडर पुरुष. काही जण या दोन्ही रकान्यांत बसत नाहीत. शस्त्रक्रिया झाली की नाही, याचा या ओळखीशी थेट संबंध नाही. सर्वोच्च न्यायालयानं 15 एप्रिल 2014 रोजी न्या. के. एस. राधाकृष्णन आणि न्या. ए. के. सिक्री यांच्या निकालात हेच सांगितलं. आपली लिंगओळख ठरवण्याचा अधिकार त्या माणसाचा आहे, आणि समानतेचे व सन्मानानं जगण्याचे घटनादत्त हक्क त्यालाही पूर्णपणे लागू आहेत.

‘आमच्याकडे असं कोणी नाही’ हे वाक्य पणजीपासून काणकोणपर्यंत कुठेही ऐकायला मिळतं. 2011 च्या जनगणनेत गोव्यात 398 माणसांची नोंद स्त्री-पुरुष सोडून ‘इतर’ या रकान्यात झाली. देशभरात हा आकडा 4,87,803 होता. दारात आलेल्या प्रगणकासमोर, घरच्यांच्या देखत ज्यांना हे सांगता आलं तेवढेच यात मोजले गेले. ज्यांना सांगता आलं नाही ते आपल्याच कचेरीत, आपल्याच शिफ्टला, आपल्याशेजारी बसून काम करत असतील.

कायदा काय म्हणतो?

संसदेनं 2019 मध्ये ट्रान्सजेंडर व्यक्तींच्या हक्कांच्या संरक्षणाचा कायदा केला. तो 10 जानेवारी 2020 पासून लागू झाला आणि त्याचे नियम त्याच वर्षीच्या सप्टेंबरमध्ये आले. नोकरीपुरतं बोलायचं तर त्यातली तीन कलमं लक्षात ठेवली तरी पुष्कळ झालं.

कलम 3 म्हणतं, कोणतीही व्यक्ती किंवा आस्थापना ट्रान्सजेंडर व्यक्तीशी भेदभाव करणार नाही. नोकरी नाकारणं, नोकरीवरून काढणं आणि नोकरीत अन्यायानं वागवणं या तिन्ही गोष्टी त्यात स्पष्ट लिहिल्या आहेत. ‘कोणतीही व्यक्ती’ हे शब्द महत्त्वाचे, कारण एकट्या माणसाच्या मालकीचं रेस्टॉरंटही त्यामुळे सुटत नाही.

कलम 9 भरती, बढती आणि नोकरीच्या इतर सगळ्या बाबतींत भेदभावाला मनाई करतं. आस्थापना म्हणजे फक्त सरकारी खातं नव्हे. कंपनी, भागीदारी संस्था, सहकारी सोसायटी, ट्रस्ट, एजन्सी, शिक्षणसंस्था हे सगळं त्या व्याख्येत येतं. वेर्ण्यातला औषधांचा कारखाना येतो, मांडवीतला कॅसिनो चालवणारी कंपनी येते, डिचोलीची पतसंस्थाही येते.

कलम 11 प्रमाणे प्रत्येक आस्थापनेनं एक तक्रार अधिकारी नेमायचा आहे. कर्मचारी किती असावेत याची अट नाही. नियमांनी त्यासाठी 30 दिवसांची मुदत दिली होती, म्हणजे 2020 ची दिवाळी येण्याआधी गोव्यातल्या प्रत्येक कंपनीत हा अधिकारी नेमलेला असायला हवा होता. आपल्या कंपनीत तो कोण आहे, हे आजच विचारून पाहा. बहुतेक ठिकाणी आधी ‘हे काय असतं’ असाच प्रतिप्रश्न येईल. काही जण सांगतील की आमच्याकडे समिती आहे. ती समिती बहुधा महिलांच्या लैंगिक छळाविरुद्धच्या 2013 च्या कायद्याखालची असते, दहा किंवा अधिक कर्मचाऱ्यांच्या ठिकाणी लागणारी. ती वेगळी आणि हा अधिकारी वेगळा. एक असल्यानं दुसरा नेमण्याची जबाबदारी संपत नाही.

नियम 12 प्रमाणे समान संधीचं लेखी धोरणही लागतं. सर्वांना वापरता येईल असं स्वच्छतागृह, सुरक्षिततेची व्यवस्था, ओळख गुप्त ठेवण्याची हमी आणि तक्रार अधिकाऱ्याचा तपशील हे सगळं त्या धोरणात असायला हवं.

भेदभाव कसा दिसतो?

‘तुम्ही ट्रान्सजेंडर आहात म्हणून तुम्हाला काढत आहोत’ असं पत्र कोणताही एचआर लिहीत नाही. म्हणूनच भेदभाव ओळखणं कठीण जातं, आणि म्हणूनच तो समजून घेताना थोडं थांबायला हवं.

समजा, कळंगुटच्या एका हॉटेलात फ्रंट ऑफिसला काम करणारी एक कर्मचारी आहे. चार वर्षं नोकरी, इंग्रजी-हिंदी चांगलं, पाहुण्यांची तक्रार नाही. एके दिवशी ती मॅनेजरला सांगते की आपण ट्रान्सजेंडर स्त्री आहोत आणि यापुढे आपल्याला अमुक नावानं हाक मारावी. मॅनेजर सहानुभूतीनं ऐकून घेतो. पुढच्या आठवड्याच्या रोस्टरमध्ये तिचं नाव फ्रंट ऑफिसऐवजी लॉन्ड्रीत असतं. विचारलं तर उत्तर येतं, ‘तिथे माणूस कमी आहे.’ पगार तोच राहतो, टीप मात्र बंद होते, आणि फ्रंट ऑफिसवाल्याच्या महिन्याच्या कमाईत टीपचा वाटा किती असतो हे किनाऱ्यावर काम केलेल्या कुणालाही ठाऊक आहे. नवीन नावाचा बॅज ‘छापायला टाकला आहे’, तो महिनोन्महिने येत नाही, आणि तोवर जुन्या नावाचा लावावा लागतो. पुरुषांच्या लॉकर रूममध्ये जाता येत नाही, बायकांच्या खोलीची चावी मिळत नाही, म्हणून ती घरूनच गणवेश घालून बसनं येते. मे महिन्यात सगळ्यांना सांगतात की सीझन संपला, ऑक्टोबरमध्ये फोन करू. ऑक्टोबरमध्ये बाकी सगळ्यांना फोन येतो.

यातली एकेक गोष्ट वेगळी घेतली तर प्रत्येकीला काही ना काही खुलासा देता येतो. कायद्याच्या नजरेनं पाहायचं ते असं : ओळख सांगण्याच्या आधी काय होतं, नंतर काय बदललं, आणि त्याच जागी असलेल्या दुसऱ्या कुणासाठी ते बदललं का? तारखा एकापुढे एक मांडल्या की चित्र दिसू लागतं. रोस्टरची पानं, व्हॉट्सॲपवरचे निरोप, आधीची अप्रेझल्स, ऑक्टोबरमध्ये कोणाकोणाला परत घेतलं त्यांची यादी, हे सगळे पुरावे आहेत. मोबाइल बदलला तरी जुने मेसेज पुसू नयेत आणि जुना फोन विकू नये.

‘प्रोबेशनवर होती, कारण द्यायची गरज नाही’ हा बचाव नेहमी पुढे येतो. प्रोबेशनमध्ये माणसाला काम जमत नसेल तर मालकाला सूट आहे, हे खरं. पण काढण्यामागचं खरं कारण कायद्यानं मनाई केलेलं असेल तर प्रोबेशनची ढाल चालत नाही. न्यायालय पत्रातल्या गोड शब्दांपलीकडे जाऊन खरं कारण शोधू शकतं.

‘आम्ही तर काहीच केलं नाही’

आता त्या मूळ प्रश्नाकडे येऊ. सरकारांना भरपाई का द्यावी लागली? कारण न्यायालयानं म्हटलं की करायला हवं ते न करणं हाही भेदभावच. घरमालकानं पावसाआधी छपरावरचे नळे (कौलं) परतले नाहीत आणि जूनमध्ये भाडेकरूच्या अंथरुणावर पाणी आलं, तर ‘मी कुठे पाणी ओतलं?’ असं त्याला म्हणता येत नाही. कायद्यानं नळे परतण्याचं काम सरकारवर आणि मालकावर टाकलेलं आहे. सरकारनं तक्रारीची यंत्रणा, कल्याण मंडळ, संरक्षण कक्ष उभे करायचे. मालकानं तक्रार अधिकारी, धोरण आणि आवश्यक त्या सोयी द्यायच्या. ते झालं नाही आणि त्यामुळे कुणाची नोकरी गेली, तर हात वर करता येणार नाहीत.

माझ्या मते या निकालाचं सगळ्यात मोठं महत्त्व इथेच आहे. कारण आपल्याकडचा भेदभाव बहुतेक वेळा द्वेषातून होत नाही. तो चालढकलीतून होतो. बॅज छापला जात नाही, चावी दिली जात नाही, धोरण लिहिलं जात नाही. मनात कुणाच्याच वाईट नसतं, आणि एका माणसाची रोजीरोटी मात्र जाते.

याच निकालात आणखी एक व्यवहारातली गोष्ट आहे. लिंगओळखीशी जुळणारी शस्त्रक्रिया करून घ्यायला नोकरदारानं मालकाची परवानगी घेण्याची गरज नाही. कामाचं स्वरूपच लिंगओळखीवर आधारलेलं असेल तेवढा अपवाद. रजेचा अर्ज रीतसर करावा लागेल, पण ‘हे ऑपरेशन करायचं की नाही’ हे विचारण्याचा अधिकार मालकाला नाही. न्यायालयानं समान संधीच्या धोरणाचा आराखडा करण्यासाठी दिल्ली उच्च न्यायालयाच्या निवृत्त न्यायमूर्ती आशा मेनन यांच्या अध्यक्षतेखाली समितीही नेमली.

मग शिक्षा काय?

कायद्याची दुखरी जागा ही आहे आणि ती लपवण्यात अर्थ नाही. 2019 च्या मूळ कायद्याच्या कलम 18 मध्ये गुन्हे आणि शिक्षा दिल्या आहेत : वेठबिगारी, सार्वजनिक जागी जाण्यास अडवणं, घरातून किंवा गावातून हाकलणं, शारीरिक, लैंगिक, शाब्दिक, भावनिक किंवा आर्थिक छळ. शिक्षा 6 महिने ते 2 वर्षं कैद आणि दंड. या यादीत ‘नोकरी नाकारली’ किंवा ‘बढती दिली नाही’ असा गुन्हा नाही. म्हणजे निव्वळ नोकरीवरून काढलं म्हणून मालकाला तुरुंग होणार नाही.

पण याचा अर्थ मनाईच नाही असा होत नाही. न्यायालय भरपाई देऊ शकतं आणि कामावर परत घेण्याचा आदेशही देऊ शकतं. शिवाय यादीत शाब्दिक, भावनिक आणि आर्थिक छळ आहे, हे पुन्हा वाचा. रोज कँटीनमध्ये टोमणे मारणारा सहकारी, मुद्दाम जुन्या नावानं हाक मारून हसवणारा सुपरवायझर, यांच्यावर पोलिसांत तक्रार होऊ शकते. काढून टाकणारा मालक गुन्हेगार ठरत नाही आणि टोमणे मारणारा ठरू शकतो, ही रचना मला उफराटी वाटते. संसदेनं ती दुरुस्त करायला हवी.

पगाराच्या बाबतीत आणखी एक आधार आहे. 21 नोव्हेंबर 2025 पासून लागू झालेली वेतन संहिता लिंगाच्या आधारावर वेतनात भेदभाव करायला मनाई करते.

‘गिऱ्हाइकं काय म्हणतील?’

पर्यटनाच्या धंद्यात हा आक्षेप सर्वांत आधी येतो आणि मालकाच्या बाजूनं पाहिलं तर ती भीती खरीही असते. पण कलम 9 मध्ये गिऱ्हाइकाच्या आवडीनिवडीसाठी सूट नाही. उद्या एखादा पाहुणा म्हणाला की मला अमुक जातीच्या माणसानं वाढलेलं जेवण नको, तर आपण त्या वेटरला आत पाठवू का? पाहुण्याच्या पूर्वग्रहाची किंमत कर्मचाऱ्याच्या पगारातून वसूल करता येत नाही.

‘बाथरूमचं काय?’

याची धास्ती फार घेतली जाते. प्रत्यक्षात किनाऱ्यावरच्या शॅकमध्ये, म्हापशाच्या बाजारातल्या खाणावळीत, गावच्या दवाखान्यात आजही सगळ्यांसाठी एकच स्वच्छतागृह असतं. आतून कडी लागली की झालं. मोठ्या आस्थापनेत असलेल्यांपैकी एक खोली सर्वांसाठी खुली करून दारावरची पाटी बदलणं एवढाच खर्च असतो.

‘पण बायकांच्या सुरक्षिततेचं काय?’ असं विचारणाऱ्या स्त्रियांची काळजी खोटी म्हणून झटकून टाकू नये. कुणीही गैरवर्तन केलं तर त्यावर कारवाई करणारे कायदे आधीपासून आहेत आणि ते ट्रान्सजेंडर व्यक्तीलाही लागू होतात. पण कुणीच काही केलेलं नसताना एका माणसाला संशयित ठरवून बाहेर ठेवणं, हे त्या काळजीचं उत्तर नव्हे. दिवसभर पाणी न पिता आठ तासांची ड्युटी करण्याची पाळी सध्या येते ती ट्रान्सजेंडर कर्मचाऱ्यावर.

‘तो आमचा नाही, कंत्राटदाराचा माणूस आहे’

गोव्यात हाऊसकीपिंग, सिक्युरिटी, कारखान्यातलं पॅकिंग यांतलं बरंच काम कंत्राटदारामार्फत चालतं. म्हणून हे उत्तर फार सोयीचं ठरतं. पण मनुष्यबळ पुरवणारी एजन्सी स्वतः व्याख्येप्रमाणे आस्थापना आहे, आणि जिच्या आवारात काम चालतं ती कंपनीही. ‘हिला बदलून दुसरं कुणी पाठवा’ असा फोन कंपनीनं केला आणि एजन्सीनं तो ऐकला, तर प्रश्न दोघांनाही विचारला जाईल.

‘म्हणजे आता राखीव जागाही?’

भेदभाव न करणं आणि आरक्षण देणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. खासगी मालकावर अमुक इतक्या ट्रान्सजेंडर व्यक्तींना घ्याच, असं बंधन या कायद्यात नाही. पात्र माणूस आला तर ओळखीमुळे त्याला परत पाठवू नका, एवढंच तो सांगतो. सरकारी नोकऱ्यांबाबत 2014 च्या निकालानं आरक्षणाचा लाभ द्यायला सांगितलं होतं. कर्नाटकनं 2021 मध्ये 1 टक्का समांतर (म्हणजे प्रत्येक प्रवर्गाच्या आतच दिलं जाणारं) आरक्षण दिलं. महाराष्ट्राच्या पोलीस भरतीत अर्जावर तिसरा पर्यायच नव्हता. डिसेंबर 2022 मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं तो द्यायला लावला. गोवाही त्याच उच्च न्यायालयाच्या अखत्यारीत आहे, म्हणून ही गोष्ट आपल्याला दूरची नाही.

नोकरी मिळाली, खोली नाही

2017 मध्ये कोची मेट्रोनं 23 ट्रान्सजेंडर कर्मचारी घेतले आणि देशभर कौतुक झालं. थोड्याच दिवसांत त्यांतल्या काहींनी काम सोडलं. कामावर त्रास झाला म्हणून नव्हे, शहरात कुणी त्यांना भाड्यानं खोली देईना म्हणून. लॉजचं रोजचं भाडं पगाराला परवडेना.

पर्वरी, कांदोळी, वास्को इथे भाड्याची खोली शोधलेल्या कुणालाही कळेल की हे गोव्यातही सहज घडू शकतं. तेच कलम 3 जागा भाड्यानं देण्यातही भेदभावाला मनाई करतं. तरीही ज्या हॉटेलांची स्टाफ क्वार्टर्स आहेत त्यांनी धोरण लिहिताना झोपायची जागाही त्यात धरावी. क्वार्टर्समधली खाट नाकारली तर नोकरी न नाकारताही माणूस काम सोडून जातो.

तक्रार कुठून सुरू करायची?

आधी लेखी अर्ज तक्रार अधिकाऱ्याकडे. नियमाप्रमाणे त्यानं 15 दिवसांत चौकशी करायची आणि अहवाल आल्यापासून 15 दिवसांत आस्थापनेच्या प्रमुखानं कारवाई करायची. अधिकारीच नेमलेला नसेल तर अर्ज थेट प्रमुखाच्या नावानं द्यावा आणि ‘आपल्याकडे तक्रार अधिकारी नेमलेला नाही’ हे त्यातच लिहावं. न नेमणं हाही त्यांचाच दोष म्हणून नोंदला जाईल. ओळखीचा पुरावा म्हणून कुणी शरीराची तपासणी मागितली तर नकार द्यावा. ओळखपत्र देणं हे जिल्हाधिकाऱ्यांचं काम आहे, एचआरचं नव्हे.

पगार थकवला, हिशेब दिला नाही, रिलिव्हिंग लेटर अडवलं, तर पणजीत पाटो इथल्या श्रमशक्ती भवनात कामगार आयुक्तांचं कार्यालय आहे. छळ झाला असेल तर पोलीस ठाणं. वकिलाचा खर्च झेपत नसेल तर जिल्हा कायदेसेवा प्राधिकरणाकडे मोफत मदतीसाठी अर्ज करता येतो. 2014 चा तो निकाल मिळवण्यासाठी सर्वोच्च न्यायालयात गेलं होतं ते राष्ट्रीय कायदेसेवा प्राधिकरणच. गोवा मानवी हक्क आयोग हेही एक दार आहे. या सगळ्यानंतर पर्वरीचं उच्च न्यायालय.

दार कोणतंही असो, पहिला कागद तोच लागतो : कंपनीला दिलेल्या अर्जाची सही-शिक्क्याची, तारखेची पोच. पोच देत नसतील तर अर्ज त्याच दिवशी स्पीड पोस्टानं पाठवावा, कंपनीच्या ईमेलवरही टाकावा, आणि पोस्टाची पावती जपून ठेवावी.